दाईने पेटीवर बसून काय केले

मित्रांनो, जरा हळू बोला. मोठा आवाज झाला की माझी कडी आपोआप वाजू लागते. मी एक जुनी, काळ्या कातड्याची पेटी आहे आणि माझे सारे आयुष्य घाबरण्यात गेले.

पीटर्सबर्गच्या एका कारागिराने मला शिवले, पितळी कुलूप बसवले. आपण किती देखण्या आहोत, असे मनात येते न येते तोच त्याने माझ्या तळात शिशाच्या जड पट्ट्या घातल्या. "शत्रूची चाहूल लागली की सरळ पाण्यात सोडा हुजूर, पुन्हा वर यायची नाही," असे तो गिऱ्हाइकाला अगदी अभिमानाने सांगत होता. तेव्हापासून मी पाण्याचा धसका घेतला आहे.

ते गिऱ्हाईक म्हणजे काउंट प्लातोन ल्वोविच झाव्यालोव, झारचे राजदूत. फोंतांका नदीच्या काठी त्यांचा मोठा प्रासाद होता, तीन गावे मालकीची होती आणि नोकर इतके की त्यांना स्वतःलाच सगळ्यांची नावे येत नसत. परमुलखातल्या दरबारांत ते असे डौलात चालत की लोक वाट सोडत. माझी मूठ धरणारा त्यांचा तळवा मात्र घामाने ओला असे. सुलतानापुढे उभे राहताना तर तो थरथरतही होता. हे गुपित मला एकटीलाच ठाऊक होते. वीस वर्षे आम्ही दोघे बरोबरीने घाबरलो आणि लोकांनी आमची वाहवा केली.

मग व्हिएन्नाला निघण्याची ती सकाळ उजाडली. माझ्या पोटात झारच्या मोहोरेचा गुप्त खलिता होता. सामान पुढे गेले होते. दिवाणखान्यात एकही खुर्ची रिकामी उरली नव्हती आणि आमच्याकडे तर प्रवासाला निघण्यापूर्वी घरच्या प्रत्येकाने क्षणभर गप्प बसायचेच असते. उभा राहील त्याच्यामुळे वाटेत विघ्न येते म्हणतात.

"न्यान्या, तू अजून उभीच?" काउंट ओरडले.

न्यान्या म्हणजे त्यांची म्हातारी दाई, अग्राफेना. तिनेच त्यांना लहानाचे मोठे केले होते आणि अजूनही ती त्यांना लाडाने प्लातोशाच म्हणे.

"बसते रे प्लातोशा, बसते! गुडघे माझे आहेत, तुझे नाहीत," असे म्हणत तिने मागे न बघताच बूड टेकले, ते थेट माझ्यावर! तिच्या घागऱ्याच्या घेरात मी पार बुडाले. माझा श्वासच कोंडला.

सगळे उठले, छातीवर क्रूसाची खूण केली आणि घाईने बाहेर पडले. चिटणीस निकोदिम पेत्रोविचांना वाटले, पेटी हुजुरांनी घेतली. हुजुरांना वाटले, चिटणिसांनी घेतली. न्यान्या रडत तशीच बसून राहिली. डोळे पुसून ती उठली आणि तिला मी दिसले. तोवर बर्फावरून घसरत जाणाऱ्या स्लेजच्या घंटा विरल्या होत्या.

"देवा! झारच्या कागदांवर बसले मी," ती पुटपुटली. मला शालीखाली लपवून ती कोपऱ्यात उभी राहिली. तिचे काळीज इतके धडधडत होते की माझे कुलूप खुळखुळत होते.

दुपारी स्लेज परत आली. अर्ध्या वाटेतून मागे फिरणे केवढे अशुभ! तरी काउंट फिरले होते. घोडे बदलायच्या पहिल्याच ठाण्यावर त्यांना मी नसल्याचे कळले होते. त्या ठाण्यापर्यंत पोचवायला आलेला परराष्ट्र खात्याचा अंमलदारही त्यांच्या मागोमाग उतरला. अंगणात काउंटांचा आवाज फाटला होता.

"निकोदिम! पेटी तुझ्या ताब्यात होती. सापडली नाही तर सायबेरियात जाशील!"

एरवी ते चिटणिसांना अहो-जाहो करत. आज भीतीने त्यांची जीभ सुटली होती.

न्यान्या मागच्या दाराने निघाली ती थेट नदीवर. धुणेवाल्यांनी गोठलेल्या नदीत एक भोक पाडले होते. तिने मला त्या काळ्या पाण्यावर धरले. आजूबाजूला चिटपाखरू नव्हते. मित्रांनो, मी ओरडू शकत असते तर सारे शहर गोळा झाले असते.

"एकदा सोडली की झालं. कुणाला कळतंय?" ती स्वतःशीच म्हणाली. तिची बोटे सैल होऊ लागली. माझा तळ पाण्याला टेकला.

मग ती थांबली. "पण निकोदिमला थंडी सोसत नाही. गेल्या हिवाळ्यात मीच त्याच्या छातीला हंसाची चरबी चोळली. सायबेरियात कोण चोळणार मेल्याला?"

आणि तिने मला वर ओढले.

दिवाणखान्यात ती सगळ्यांपुढे उभी राहिली. "प्लातोशा, पेटी माझ्याकडे होती. मी बसले होते तिच्यावर."

अंमलदाराने मोहोर तपासली. ती शाबूत होती. तरी त्याने लेखणी शाईत बुडवली. "पेटी बेवारस राहिली, हे कळवावंच लागेल. दोषी कोण? ही बाई का?"

काउंटांनी माझी मूठ धरली. तळवा बर्फासारखा गार पडला होता आणि इतका हलत होता की मीही हलू लागले. त्यांचे थरथरणे प्रथमच सगळ्यांना दिसत होते.

"म्हातारी काहीही बडबडते, तिला ऐकू येत नाही," ते म्हणाले. "पेटी मी विसरलो. लिहा."

"हुजूर, असं लिहिलं तर व्हिएन्नाला दुसरं कुणीतरी जाईल. पुढेही तुम्हाला..."

"लिहा म्हणतो ना!"

निकोदिम पेत्रोविच रडू लागले. काउंट त्यांच्याकडे वळले. "निकोदिम पेत्रोविच, मघाशी मी तुम्हाला काय काय बोललो... मी फार घाबरलो होतो हो."

"आणि मला बहिरी ठरवलंस ते रे?" न्यान्या कडाडली. पण तिने त्यांचा थरथरता हात आपल्या दोन्ही हातांत धरून ठेवला होता.

काउंटांना पुन्हा कुठल्याही दरबारात पाठवले नाही. मलाही कुणी उचलले नाही. माझे कातडे तडकले, कुलूप गंजले. जमले तर मला जरासे तेल लावा. आणि मित्रांनो, घाबरल्याची लाज बाळगू नका. आम्ही थोरामोठ्यांच्या दरबारांत घाबरलो आहोत. फक्त आपली भीती आपल्याहून गरिबाच्या गळ्यात अडकवू नका. त्याला ती काढून टाकता येत नाही.