उत्तर देणारी एकच निघाली

मी एक भोपळा आहे. खाण्याचा नव्हे, वाजवण्याचा. तंबोऱ्याचा भोपळा तुम्ही पाहिला असेल. मला तारा नाहीत. तळहाताची थाप पडली की मी बोलतो.

हवाईतील एका बेटावर, नोहेआच्या आजोबांच्या वेलीवर मी धरलो. त्यांनीच मला वाळवले, कोरले आणि नातीच्या हाती दिले. पुढे त्या जमिनीवर हॉटेल उठले. भाडी चढली, मूळची माणसे पांगली. २०१४ साली नोहेआ मला घेऊन सिंगापूरला आली आणि समुद्रकाठच्या एका हॉटेलात ‘हवाईयन नाइट’मध्ये नाचू लागली.

तिच्या लोकांची एक रीत आहे. परक्या भूमीत शिरण्यापूर्वी उंबऱ्याशी थांबून गाण्यातून परवानगी मागायची. तिथल्या माणसाने ‘ये’ म्हटले की मगच पाऊल टाकायचे. नोहेआ रोज मागत असे. जेवणाऱ्या पाहुण्यांतून उत्तर कधी आले नाही.

“ते सुरुवातीचं काढून टाक,” व्यवस्थापक चारुदत्त एकदा म्हणाले. “सूप गार होतं लोकांचं.”

“न विचारता आत कशी येऊ, सर?”

“रोज विचारतेस. मिळते परवानगी?”

“नाही.”

“तरी नाचतेसच ना!”

हेच गृहस्थ सिंगापुरातल्याच क्वीन्सटाउन भागातल्या आपल्या फ्लॅटमध्ये आवाहनाचा मंत्र म्हटल्याशिवाय गणपतीला फूल वाहत नसत.

त्या संध्याकाळी तिने पुन्हा मागितले. मागून आवाज आला, “मासूक.” आत ये. टेबले पुसणाऱ्या रोकिया नावाच्या वृद्ध मलय बाई होत्या त्या. याच किनाऱ्यावर त्यांचे गाव होते. सरकारने ते उठवून माणसांना फ्लॅटमध्ये नेले होते.

नोहेआ रडत नाचली. पाहुण्यांना तो कार्यक्रमाचाच भाग वाटला. टाळ्यांचा कडकडाट झाला.

चारुदत्त हरखले. “वा! हे रोज ठेवू. आंटी, उद्यापासून फुलांची माळ घालून दारात उभ्या राहा.”

“कॅनॉट ला, बॉस, नाही जमणार,” रोकिया म्हणाल्या. “मी तिला बोलावलं. तुमच्या गिऱ्हाइकांसाठी नाही.”

लवकरच त्यांना कामावरून कमी केले. आता ‘मासूक’ हा शब्द ठरल्या क्षणी स्पीकरमधून येतो. नोहेआने त्यानंतर परवानगीचे गाणे म्हटले नाही. कामाचे परमिट संपले तेव्हा ती निघून गेली. “तुला न्यायला घर कुठे आहे?” एवढेच मला म्हणाली. तिच्या जागी आलेली मुलगी त्या गाण्याची अक्षरे पाठ करून म्हणते.

मला कोणीही थाप मारतो आणि मी वाजतो. नकार देण्याचे बळ देवाने वाद्याला दिलेले नाही. माणसाला दिले आहे. म्हणून तुम्हाला विनवतो : उंबऱ्याशी उभे राहून कोणी काही मागत असेल, तर उत्तर द्या. ते देण्याचा अधिकार तुमचा नसेल, तर मान खाली घाला. टाळ्या वाजवू नका.