लावून ठेवलेल्या चिठ्ठ्या

बाबांना दवाखान्यात हलवलं त्याच्या चौथ्या दिवशी लेक त्यांचे धुतलेले कपडे न्यायला घरी आली, तेव्हा आत्या पुढच्या खोलीत पाय पसरून जमिनीवर बसली होती. चेहऱ्यावर पहिला नंबर आलेल्या मुलीचं समाधान. समोर बाबांची लाकडी पेटी, उघडी.

"सगळं लावून टाकलं," आत्या म्हणाली. "एकोणीसशे बारा चिठ्ठ्या. अकारविल्हे. एक इकडची तिकडे सापडली तर नाव बदलीन."

आत्या बाबांची थोरली बहीण. अडतीस वर्षं तिने एका ग्रंथालयात नुसती पुस्तकांची कार्डं लावली होती. निवृत्त झाल्यावर हाताला चैन पडेना म्हणून तिने घरातलं फडताळ लावलं. तिच्याकडे मीठ मागितलं की उत्तर यायचं, तिखटाच्या पुढे, साखरेच्या आधी. बाबा म्हणायचे, ताई स्वर्गात गेली तर तिथल्या रांगेतही लोकांना हाताला धरून जागा बदलायला लावेल.

भाऊ आजारी पडला, ऑपरेशनची वेळ टळून गेली होती, डॉक्टर तिला काही सांगत नव्हते. करण्यासारखं एकच काम तिला दिसलं आणि तिने ते तीन दिवस, पाठ दुखेपर्यंत केलं.

"मध्ये मध्ये बसची जुनी तिकिटं होती," ती म्हणाली. "कचरा नुसता. टाकून दिली."

ती तिकिटं म्हणजे प्रकरणं होती. एक प्रकरण कुठे संपलं आणि दुसरं कुठे सुरू झालं ते कळावं म्हणून बाबांनी घातलेली. हे आत्याला कुणी सांगितलं नव्हतं. लेक आतल्या खोलीत गेली आणि कपाटातले बनियन काढून पिशवीत भरू लागली.

बाबा शाळेत भाषा शिकवायचे. गेली सतरा वर्षं ते एक पुस्तक लिहीत होते. म्हणजे लिहीत नव्हतेच, चिठ्ठ्या करत होते. भाषा कुठून आली, कशी बदलली, हे व्याकरणाच्या नावाने ज्यांच्या पोटात गोळा येतो अशा माणसांसाठी सांगायचं. एका चिठ्ठीवर एक शब्द, खाली चार ओळी. प्रत्येक चिठ्ठी आधी न्हाव्याच्या खुर्चीत बसून वाचून दाखवायची. न्हाव्याची कात्री थांबली तर चिठ्ठी पास. चालू राहिली तर घरी येऊन फाडायची. बिजागरीच्या चिठ्ठीला कात्री थांबली होती, हे ते सगळ्यांना सांगत. दार आपलं जुनंच, पण ते ज्याच्यावर फिरतं ती बिजागरी पोर्तुगीज खलाशांबरोबर समुद्रावरून आली, आणि दाराची चावीही त्याच जहाजातून. न्हावी म्हणाला होता, "मग मास्तर, तोवर लोक दारं काय नुसती टेकवून ठेवायचे?" बाबांनी हा प्रश्नही चिठ्ठीवर लिहून घेतला.

चिठ्ठ्यांवर नंबर नव्हते. नंबर घातला की चिठ्ठी हट्टी होते, जागा सोडत नाही, असं त्यांचं म्हणणं. ते रोज एखादी उचलून दुसरीच्या शेजारी ठेवत, दोन दिवस बघत, परत काढत. सतरा वर्षांत जे पुस्तक झालं होतं ते चिठ्ठ्यांत नव्हतं, चिठ्ठ्यांच्या ओळीत होतं. दवाखान्यात नेताना गाडीत त्यांनी लेकीला एवढंच सांगितलं होतं, की पेटी आहे तशी आण; तू ओळीने वाचत जा, दोन चिठ्ठ्यांमधलं मी सांगतो, तू लिही. एका प्रकाशनाच्या संपादकबाई पुस्तक छापायला तयार होत्या. आजार घशाचा; आवाज दोन-तीन आठवडे राहील, असं डॉक्टरांचं मत होतं.

लेक औषधांच्या डब्यांतल्या माहितीपत्रकांचं भाषांतर करायची. बाबांना दिलेल्या औषधांपैकी तिघांची पत्रकं तिने स्वतः केली होती. त्यामुळे आठवड्यांचा हिशेब तिला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

दोन दिवस ती कामावर गेली नाही. आत्या दवाखान्यात बसली की ती इकडे चिठ्ठ्या जमिनीवर मांडायची. सात आणि हप्ता शेजारी हवेत, हे तिला लहानपणापासून पाठ होतं: सात घरीच लहानाचा मोठा झालेला, हप्ता फारसीच्या घरी वाढून परत आलेला, दोघे एकाच आईचे. मग सप्त, सत्त, सात. हस्त, हत्थ, हात. कर्म, कम्म, काम. जोडाक्षराला बोलणाऱ्यांनी आधी सोपं केलं, मग त्यातलं एक व्यंजन गळालं, आणि रिकाम्या झालेल्या जागेत आधीचा स्वर पाय पसरून बसला. त्या चिठ्ठीच्या तळाशी बाबांनी लिहिलं होतं, 'एका माणसाची चूक ही चूक. तीच सगळ्यांनी, सगळ्या शब्दांत, न ठरवता केली की तिला नियम म्हणतात.' चिठ्ठ्यांच्या अशा अकरा ओळी तिला जमल्या. साठ-सत्तर चिठ्ठ्या. उरलेल्या कुठेही ठेवल्या तरी शोभत होत्या, आणि तेच वाईट होतं. तिने सगळ्या उचलल्या आणि पुन्हा आत्याच्या क्रमाने पेटीत भरल्या. तेवढा एकच क्रम तिला येत होता.

बाबा रोज विचारत. ती सांगायची, उद्या आणते, जड आहे. तिसऱ्या दिवशी ते म्हणाले, "पेटी आहे ती, कपाट नव्हे." ती हसली. खरं सांगावं असं तिने जिन्यात तीनदा ठरवलं होतं. पण ते सांगायचं तर आत्याचं नाव घ्यावं लागणार होतं, आणि आत्या त्याच खोलीत सफरचंदाच्या पातळ फोडी करत बसलेली.

शेवटी आत्यानेच पेटी आणली. मांडीवर घेऊन, बसमधून. पलंगाच्या टेबलावर ठेवून तिने झाकण उघडलं आणि बाजूला होऊन उभी राहिली.

बाबांनी पहिली चिठ्ठी काढली. अक्का. दुसरी, अत्तर. तिसरी, अननस. त्यांनी बोट मागे नेलं, मधून एक उपसली, तिच्या पुढची, मागची. पुन्हा पहिल्यापाशी आले. त्यांनी लेकीकडे पाहिलं. तिने नजर खाली केली, आणि त्यांना समजलं की तिला माहीत होतं. कॉरिडॉरमधून कुणीतरी जेवणाची गाडी ढकलत गेलं.

"ताई," बाबा म्हणाले, "एकही चूक नाही."

"असणारच नाही," आत्या म्हणाली. धाकट्या भावाला ती कौतुकाने मास्तर म्हणायची. "मास्तर, तुमचं अक्षर मात्र कोंबडीचं. ध आणि घ मध्ये माझा अख्खा एक दिवस गेला."

बाबांनी झाकण लावलं आणि त्यावर दोन्ही हात ठेवले. मग लेकीला म्हणाले, वही घे. डोक्यात आहे तेवढं काढू.

अशी सुरुवात झाली. ते डोळे मिटून एक शब्द म्हणायचे आणि आत्या तो डोळ्यांचं पातं लवायच्या आत काढून द्यायची. लेक चिठ्ठीच्या कोपऱ्यात नंबर घालायची आणि मधलं लिहून घ्यायची. आत्या दर वेळी म्हणायची, बघ, लावलेलं असलं की कसं सापडतं. तिचं खरंच होतं. नाव सांगितलं तर कुठलीही चिठ्ठी सापडत होती. फक्त पुढचं नाव कुठलं, ते पेटी सांगू शकत नव्हती. पहिल्या दिवशी एकोणतीस झाल्या. दुसऱ्या दिवशी चोवीस. मग बाबा अडखळू लागले. शब्द आठवायचा, पण तो आधी येतो की नंतर, ते आठवायचं नाही. एकदा म्हणाले, "इथे काहीतरी होतं. छान होतं." आणि वाट बघत राहिले. आत्याने पाच चिठ्ठ्या काढून दाखवल्या, प्रत्येकीला त्यांनी मान हलवून नाही म्हटलं. त्या जागी लेकीने वहीत अर्धं पान कोरं सोडलं.

नवव्या दिवशी आवाज गेला. नंबर एकशे एक्केचाळीसपर्यंत आले होते.

दहाव्या दिवशी सकाळी ते छताकडे बघत होते आणि त्यांचे ओठ हलत होते. आत्या खुर्ची ओढून अगदी जवळ बसली. तिला एक गोष्ट सुचली होती आणि ती भराभर सांगू लागली. आपली मुळाक्षरं कुणी उगाच तशी मांडलेली नाहीत. क-ख-ग गळ्यापाशी, मग टाळू, मग दात, आणि प-फ-ब-भ-म सगळ्यात बाहेर, ओठांवर. हे मास्तरच कधीतरी बोलले होते. गळ्यातली अक्षरं बाहेरून दिसायची नाहीत, पण ओठांची दिसतील. ओठ मिटले की आपण प-ला जायचं. सोपं आहे.

ओठ मिटले.

"प-वर्ग," आत्या म्हणाली, आणि पेटीतून तेवढा गठ्ठा उचलून तिने मांडीवर घेतला. तीनशेच्या वर चिठ्ठ्या असतील.

ओठ उघडले, पुन्हा मिटले. दोन श्वासांमध्ये किती वेळ जातो ते लेक मघापासून मोजत होती. हे कशाचं लक्षण, ते तिने दोन वर्षांपूर्वी एका माहितीपत्रकाच्या शेवटच्या परिच्छेदात, नातेवाइकांसाठी, सोप्या शब्दांत लिहिलं होतं.

"पगार?" आत्याने विचारलं. बाबांच्या चेहऱ्याकडे पाहिलं, थोडं थांबली, चिठ्ठी उलटी करून पलंगावर ठेवली. "बरं. पडदा?"

लेकीने पेनचं टोपण काढलं आणि वहीत एकशे बेचाळीस हा आकडा घातला.

"पतंग?" आत्या म्हणाली. "घाई नाही, मास्तर. मी ओळीने जाते."