माझे तीन ठोके

मी एक जुनी पायचिपळी आहे. नोला गावच्या ओवियस सुताराच्या थोरल्या मुलीचे लग्न ज्या वर्षी झाले, त्याच वर्षी मी घडले. मुलीला द्यायची पेटी करून झाल्यावर अक्रोडाच्या लाकडाचा एक तुकडा उरला होता. ओवियसने त्यातून पायाच्या मापाचे दोन तळवे कापले, एकावर एक ठेवले आणि टाचेपाशी कातड्याने जोडले. पुढे चवड्याखाली पितळेच्या दोन इवल्या झांजा ठोकल्या. वर पाय अडकवायला पट्टा लावला. पाय उचलला की माझे तोंड उघडायचे, पाय दाबला की मी वाजायचे.

ओवियसच्या बायकोने मला हातात घेऊन उलटसुलट पाहिले.

"हिची दुसरी कुठाय?" तिने विचारले.

"हिला दुसरी नसते. एकाच पायात घालतात ही."

"बिचारी," ती म्हणाली आणि मला खाली ठेवून पोळ्या झाकायला गेली.

मित्रांनो, माझ्याविषयी कुणी बोललेला हा पहिला शब्द. तेव्हा मला त्याचा अर्थ कळला नाही. वहाणा जोडीने चालतात, जोडीने झिजतात, जोडीने कोपऱ्यात पडून राहतात. माझ्या शेजारी कधीच कुणी नव्हते.

मला त्रेबियसच्या नाटकमंडळीत नेले. त्रेबियस मंडळीचा मालक होता आणि लीकोन हा त्याचा गुलाम. लीकोन जोडपावा वाजवायचा. दोन हात दोन पाव्यांवर, तोंड फुंकण्यात गुंतलेले, मग ताल धरायचा कशाने? पायाने. म्हणून मी त्याच्या उजव्या पायात आले आणि अकरा वर्षे तिथेच राहिले. त्याच्या टाचेचा खळगा माझ्या लाकडात उमटला होता.

कापुआ, कालेस, नोला, जिथे उत्सव असेल तिथे आमची गाडी जायची. चौकात लाकडी मंच उभा राहायचा. लीकोन नटांबरोबर मंचावरच असायचा आणि मी मंचाच्या फळीवर. समोरचे लोक मला तिथून कधी दिसले नाहीत. पण फळ्या सगळे सांगतात. लोक कंटाळले की पाय घासतात, खोकतात, चणे सांडतात. हसले की बाकांसकट हादरतात. मला ते सारे खालून कळायचे.

कापुआत एकदा एक भाजीवाली मोठ्याने म्हणाली होती, "त्या पावेवाल्याचा पाय बघा गं. तोंडापेक्षा पायच जास्त बोलतोय." लीकोन पाव्यातल्या पाव्यात हसला आणि त्याचा एक सूर चुकला. माझ्या आयुष्यातले कौतुक ते एवढेच, पण मला ते पुरले.

खेळ संपला की शेवटचे काम माझे असायचे. मी तीन ठोके द्यायचे. ते ऐकले की कडेला बसलेले दोघे दोर ओढायचे आणि पडदा खालून वर चढून मंच झाकून टाकायचा. एकदा चढलेला पडदा त्या दिवशी पुन्हा उतरवायचा नाही, उतरवला तर मंडळीतले माणूस जाते, असे सगळे मानायचे. म्हणून ते तीन ठोके लीकोन फार जपून द्यायचा.

आमच्या मंडळीत पाकियस नावाचा म्हातारा नट होता. चिडक्या बापाची भूमिका त्याचीच. पांढऱ्या दाढीचा, एक भुवई वर चढलेला मुखवटा घातला की तो मुलांवर ओरडायचा, नोकरांच्या मागे काठी घेऊन धावायचा आणि लोक हसून हसून लोळायचे. मुखवटा काढला की हाच माणूस गाडीच्या खेचराला आपल्या वाटणीच्या घेवड्याच्या शेंगा भरवत बसायचा. लीकोन त्याला आबा म्हणायचा. लीकोनचा खरा बाप कोण, कुठला, हे त्याचे त्यालाही ठाऊक नव्हते.

पाकियसची बायको साल्विया मंडळीचे कपडे शिवायची. ज्या वर्षी पाकियस कालेसच्या खेळात दोनदा वाक्ये विसरला, त्या वर्षी तिने सुई टोचता टोचता त्याला ऐकवले, "अहो, माझ्या आईने वीस वर्षांपूर्वी तुम्हाला करपलेली पेज वाढली, ती आठवते. आणि मंचावर स्वतःच्या मुलाचं नाव आठवत नाही."

"पेज खरी होती," पाकियस म्हणाला. "मुलगा खोटा आहे."

सगळे हसले. त्रेबियस हसला नाही.

"पाकियस, तू थोर नट. पण लोक तुझं गप्प उभं राहणं बघायला येत नाहीत. आता नोलाचा उत्सव. तिथे एकदा जरी अडलास, तर म्हाताऱ्याचा मुखवटा त्या तरण्या सेक्स्टसला आणि तू सामानाच्या गाडीवर."

"गाडीवर सावली तरी असते, मालक," पाकियस म्हणाला. पण त्याच्या हातातली शेंग खेचराने ओढली तरी त्याला कळले नाही.

चाळीस वर्षे ज्या फळ्यांवर उभा राहिला, त्या सुटल्या तर या माणसाचे काय उरणार, हे लीकोनला ठाऊक होते. दुसऱ्या दिवशी सकाळी तो पाकियसला विहिरीपाशी घेऊन गेला.

"आबा, मुखवट्याआड तुमचं तोंड मला दिसत नाही. शब्द हरवला हे मला कळणार कसं?"

"नाही कळत, तेच बरं आहे, लेका."

"असं करू. शब्द हरवला की डाव्या कानाला हात लावायचा. मी पावा वाढवीन, दोन वळणं जास्त घेईन. तोवर आठवेल."

"आणि नाहीच आठवलं तर?"

"तर तीन ठोके देईन. पडदा वर. लोकांना वाटेल, इथंच संपायचं होतं."

पाकियसने विहिरीतून पोहरा वर ओढला. मग म्हणाला, "पण मी कानाला हात लावला तरच."

"तरच," लीकोन म्हणाला.

नोलाच्या उत्सवातले नाटक साधे होते. बाप मुलाला घराबाहेर काढतो. सारा खेळभर त्याला शिव्या घालतो. शेवटी मुलगा भुकेला, फाटका, दाराशी परत येतो. बाप काठी उगारून बाहेर येतो, त्याच्याकडे बघतो आणि म्हणतो, "जेवलास का?" मग वळून लोकांना टाळ्या वाजवायला सांगतो. बस, एवढेच. मुलाचे काम सेक्स्टस करत होता.

त्या दिवशी पाकियस एकदाही अडला नाही. शब्द धो धो येत होते. बाक हादरत होते. लीकोनचा पाय माझ्यावर हलका पडत होता. इतका हलका तो कित्येक महिन्यांत पडला नव्हता.

मग शेवटचा प्रवेश आला. मुलगा दाराशी उभा राहिला. पाकियस काठी उगारून बाहेर आला आणि थांबला.

काठी हळूहळू खाली आली. तो बोलला नाही.

लीकोनने पावा वाढवला. एक वळण घेतले, दुसरे घेतले. पाकियस बोलला नाही. लीकोनची टाच माझ्या खळग्यात घामाने सरकू लागली. पाकियसचे दोन्ही हात काठीवर होते. कानाकडे एकही गेला नव्हता.

मित्रांनो, तेव्हा फळ्या काय सांगत होत्या ते मी ऐकत होते. एकही पाय घासला जात नव्हता. एकही खोकला नव्हता. कुणी चणा चावत नव्हते. सबंध चौक श्वास धरून होता. अकरा वर्षांत अशी शांतता माझ्याखालून कधी गेली नव्हती. पाकियस विसरला नव्हता. तो मुलाकडे बघत होता आणि लोक त्याच्याबरोबर बघत होते.

लीकोनच्या कानात मात्र त्याचाच पावा होता आणि पाव्याच्या मागे मालकाचा शब्द होता. त्याला वाटले, आबा हात उचलायचेसुद्धा विसरले.

पाय वर गेला. माझे तोंड उघडले. मला वाजायचे नव्हते. पण पाय खाली आला की मला वाजावेच लागते.

एक. दोन. तीन.

दोर ओढले गेले. पडदा वर चढला आणि पडद्याच्या आत पाकियस म्हणाला, "जेवलास का?" ते सेक्स्टसने ऐकले, लीकोनने ऐकले आणि मी ऐकले. चौकातल्या कुणीच ऐकले नाही. बाहेर लोक थोडे कुजबुजले, मग बळेच टाळ्या वाजवू लागले. पडदा पुन्हा उतरवता येत नव्हता.

त्रेबियस धावत मागे आला. त्याने लीकोनच्या पाठीवर थाप मारली. "पायाने खेळ वाचवलास, पोरा. म्हातारा बुडवत होता." आणि त्या रात्री आपल्या ताटातला डुकराच्या मांसाचा तुकडा त्याने लीकोनच्या ताटात टाकला.

पण त्याआधी, पडद्यामागेच, पाकियसने मुखवटा काढला. त्याचे केस घामाने कपाळाला चिकटले होते. तो लीकोनसमोर येऊन उभा राहिला. आवाज चढला नव्हता.

"मी कानाला हात लावला होता का?"

"नाही, आबा."

"मग?"

लीकोन वाकून माझा पट्टा सोडू लागला.  मुखवटा सेक्स्टसच्या हातात देऊन पाकियस खेचराकडे निघून गेला.

लीकोनने मला पायातून काढले. पुन्हा घातले नाही. मालकाकडे नवी चिपळी मागितली. मला त्याने कपड्यांच्या पेटीत, अगदी तळाशी, फाटक्या अंगरख्यांखाली ठेवले. ठेवताना त्याने माझा पट्टा नीट दुमडला, म्हणून मी त्याला दोष देत नाही.

त्यानंतर दोन वर्षे मी अंधारात होते. माझ्या झांजांवर हिरवट गंज चढला. कातडे वाळून तडकले. वर गाडीच्या बाकावर पाकियस बसलेला असायचा, कारण आता त्याचे कामच सामान राखायचे होते. लीकोन रोज त्या गाडीजवळून जायचा. दोघे बोलत नसत. भांडण असते तर एकमेकांना चार शब्द सुनावले तरी असते. इथे नुसते चाक कुरकुरायचे. पाकियसच्या आणि माझ्यामध्ये एका फळीचे अंतर होते, तरी तो वर एकटा आणि मी खाली एकटी.

एकदा कालेसला, भर दुपारी, सगळे मंचावर गेले होते. पाकियसने दोरा शोधायला पेटी उघडली आणि त्याचा हात मला लागला. त्याने मला बाहेर काढले. बराच वेळ मांडीवर धरून ठेवले. मग वाकून, कुंथत, उजव्या पायात घातले आणि गाडीच्या फळीवर उभा राहिला.

समोर फक्त खेचर होते.

त्याने शेवटचा प्रवेश केला. हातात काठी नव्हती, तरी त्याने ती उगारली आणि हळूहळू खाली आणली. मग तो थांबला. पुरता थांबला, जितके त्याला थांबायचे होते तितके. खेचराचे चावणे बंद झाले आणि त्याने मान वळवली.

"जेवलास का?" पाकियस म्हणाला.

मग त्याने पाय उचलला आणि स्वतःच तीन ठोके दिले. पहिला गंजात अडकला. दुसरा घोगरा आला. तिसरा मात्र स्वच्छ वाजला. त्याने मला अंगरख्याच्या टोकाने पुसले आणि पेटीत परत ठेवले, पण या वेळी कपड्यांच्या वर.

हे मला लीकोनला सांगायचे होते. आजही सांगायचे आहे. पण आपणहून वाजणे माझ्या नशिबी नाही.

पाकियस गेल्यावर साल्वियाने मंडळी सोडली. पेटी तिच्या वाट्याला आली आणि पेटीबरोबर मी. नोलाच्या तिच्या खोलीचे दार वाऱ्याने आपटायचे. तिने मला दाराखाली पाचरीसारखे सारले. तेव्हापासून मी तिथेच आहे.

एकदा लीकोन तिला भेटायला आला. केस पिकले होते. भिंतीकडे बघत म्हणाला, "आबांनी माझं नाव कधी काढलं का?"

साल्विया उत्तर देईना. लीकोन उठला नाही. दुसरे काही बोलून त्याने ती जागा भरूनही काढली नाही. तो वाट बघत बसला.

"घेवड्याच्या शेंगा उकडल्या की म्हणायचे, लीकोनला आवडतात," साल्विया म्हणाली. "एवढंच. दुसरं काही नाही."

लीकोनने मान हलवली. जाताना तो मला ओलांडून गेला. माझ्यावर धूळ होती, त्याने ओळखले नाही.

मित्रांनो, माझ्यासारखी जुनी वस्तू दाराखाली दिसली तर तिला एकदा पुसून बघा, एवढे मागणे आहेच. पण त्याहून मोठे मागणे दुसरे आहे. घरातले म्हातारे माणूस बोलता बोलता थांबले, तर ते विसरले असे लगेच समजू नका. त्याचे वाक्य तुम्ही पुरे करू नका. त्याला थांबू द्या. कदाचित ते तुमच्याकडे बघत असेल.

पाकियस कालेसच्या रस्त्यावर, द्राक्षतोडणी सुरू झाली त्याच्या चौथ्या दिवशी, गाडीतच गेला. साल्विया त्यानंतरच्या तिसऱ्या हिवाळ्यात गेली. लीकोन कधी गेला, ते मला कुणी सांगितले नाही.