मातीचा वार

"शनिवारी लोखंड घरात येणार नाही म्हणजे नाही!" आई म्हणाल्या.

लोखंड म्हणजे आमची सेकंडहँड कार. सासूबाई पुण्याहून आमच्याकडे जपानात, त्सुकुबाला आल्यापासून माझ्या डोक्याची पार मंडई झाली होती. तन्वी झाल्यापासून मी घरी. आता कुठे एका छोट्या म्युझियममध्ये काम मिळालं होतं, प्राचीन बॅबिलोनच्या, अक्षरं कोरलेल्या मातीच्या पाट्यांवर, तेही सोमवारपासून. तिथे बस जात नाही. डीलरचं दुकान रविवारी बंद, म्हणजे गाडी आजच आणायला हवी. गाडी नाही तर नोकरी नाही, इतकं सरळ. आणि माझा नवरा, यतीन? "आईशी तूच बोल," म्हणून हा बाबा लॅपटॉपमागे लपला.

मी शक्कल लढवली. "आई, जपानात शनिवार नसतोच मुळी. इथे दोयोबी. म्हणजे मातीचा वार."

"अगं, शुभ बोल! मातीला जातात ते स्मशानात! त्यातून हा भूकंपाचा देश. तीन वर्षांपूर्वी केवढा हादरला, विसरलीस?"

घ्या! मीच हातात आयतं कोलीत दिलं. मग बॅबिलोन बाहेर काढलं. "तिथले लोक शनीला 'स्थिर' म्हणायचे. किती सावकाश चालतो म्हणून."

"मग काय, गाडी ढकलत आणणार आहेस?"

यतीन फिसकन हसला. माझी सटकलीच.

"तर मग ऐका! इराकात मांडियन म्हणून लोक आहेत. ते म्हणतात, सातही ग्रह दुष्ट, चंद्र-सूर्यसुद्धा. माणसाला इथेच अडकवून ठेवतात, पुढे जाऊच देत नाहीत. म्हणजे सोमवार नको, मंगळवार नको, कुठलाच वार नको! बसते मी घरीच, पोळ्या लाटत!"

शेवटी आवाज चिरकला. रागाने रडूच आलं मला, आणि ते त्यांना दिसलं याचा आणखी राग आला.

आईंचा भाजी निवडणारा हात थांबला. "सूर्यसुद्धा?"

"सूर्यसुद्धा."

"मेले सगळे एका माळेचे मणी!" त्या गुडघ्यावर हात टेकून उठल्या. "पोरीला अडवायला सात जण टपलेत, त्यात आठवी मी कशाला? चल, कुठे आहे तो दुकानदार?"

आणि यतीनकडे वळून म्हणाल्या, "येताना तू मागे बसायचंस."