नुहूमने पुसलेली फाइल

माझ्या धाकट्या लेकीला जुळं झालं, त्या वर्षीची ही गोष्ट. आमच्या मालीत, बामाकोच्या बाजारात माझा भाचा नुहूम दांबेले आणि झुमाना जारा शेजारीशेजारी बाकडी टाकून लोकांच्या फोनमध्ये गाणी भरून देत. दांबेल्यांनी जारांची टर उडवायची आणि जारांनी दांबेल्यांची, ही आमची पिढीजात रीत. राग धरायचा नसतो. नुहूम धरायचा, दाखवायचा नाही.

झुमानाला इंटरनेटवर कुठंशी एक फाइल सापडली. नाव नुसतं ‘केझेड ३३०७’. शेवटपर्यंत बघितली की मेलेलं माणूस दाराआडून हाक मारतं, ओ दिली की आपण संपलो, अशी बोलवा. पोरं त्याच्याकडे लोटली. नुहूमशी लग्न ठरलेली रामातासुद्धा फोन घेऊन तिथंच उभी.

“मामा, आहे काय त्यात? काळोख आणि खरखर!”

“मग तूही काढ की एक.”

त्यानं काढली. आपल्या आईला, म्हणजे माझ्या बहिणीला, दाराआडून हाक मारायला लावली आणि फाइलला नाव दिलं ‘क्यूएन ९१२०’. पण गल्लीनं आवाज लगेच ओळखला.

“अरे, ही तर नान्यूमाकाकू! जेवायला बोलावतेय!”

“आलो गं आई!” पोरं ओरडली.

झुमाना म्हणाला, “चवळीखाऊ दांबेल्या, तुझ्या भुतालाही तुझ्या पोटाचीच काळजी!”

रामाता खळखळून हसली. ते नुहूमला झोंबलं. त्यानं फाइल पुसून टाकली. झुमानानं मात्र चेष्टेसाठी उतरवून घेतलेली प्रत आपल्याकडे ठेवली.

पुढं त्याची आई गेली. तिचा चाळिसावा आटपून नुहूम बाजारात परतला, तर झुमानापुढे ही रांग. सगळ्यांना ‘क्यूएन ९१२०’ हवी होती. आता ती खरोखर मेलेल्या बाईची हाक होती. कुणी हसत नव्हतं.

झुमाना उठून आला. “भावा, मी कुणाला देत नाहीये. तुझी आहे, तू घे.”

“आईनं मला मारलेली हाक, आणि ती तुझ्या हातून घेऊ?”

मी म्हटलं, “अरे, तिचा आवाज दुसरीकडे आहे तरी कुठं?”

“तेच तर, मामा. मेल्यावरही ती त्याच्याच बाकड्यावर बोलते.”

त्यानं आपलं बाकडं उचललं आणि गल्लीच्या दुसऱ्या टोकाला नेऊन टाकलं. फाइल घेतली नाही.

आम्हा सांगाऱ्यांची लेक, माझी बहीण नान्यूमा सांगारे त्या वर्षी रमजान ईदनंतरच्या दुसऱ्या शुक्रवारी, दुपारच्या नमाजाआधी वारली.