पायरीचा दगड

मोजणीदाराने खड्ड्यात हात घालून चुन्याचं एक ढेकूळ काढलं आणि धाकट्या भावाच्या हातावर ठेवलं.

"हद्दीचा दगड इथंच होता. तो सापडला नाही, म्हणून आमच्या लोकांनी पुढचा दगड धरून माप टाकलं आणि तुमच्या गल्लीचा तुकडा पाण्याच्या टाकीच्या कुंपणात गेला. चूक आमचीच. पण या खड्ड्यात नेमका बसेल असा दगड दाखवल्याशिवाय मला सही करता येणार नाही. उद्या दुपारपर्यंत बघा."

थोरला जरा लांब उभा होता. जमलेली सगळी गल्ली धाकट्याकडे बघत होती. सात वर्षं त्याने कचेरीचे उंबरठे झिजवले, तो होता म्हणून, अर्ज लिहावा तर त्यानेच. ऐकून ऐकून थोरल्याचे कान किटले होते. तो स्वतः गवंडी. निम्म्या गल्लीच्या भिंती त्याच्या हातच्या, पण नाव निघायचं धाकट्याचं. खरं सांगायचं तर त्याच्या पोटात दुखायचं.

आणि दगड कुठे आहे, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. घर बांधताना त्या कोपऱ्यात कलंडलेला तो घडीव दगड त्यानेच उचलून आणला होता. खुणेची बाजू खाली करून दाराशी पायरी म्हणून बसवला होता. चांगला दगड वाया जाऊ द्यायचा नाही, ही गवंड्याची खोड. आता तोंड उघडलं तर विजय धाकट्याचा आणि नाचक्की आपली. गप्प बसलं तर जमीन जाईल, पण धाकट्याचा तोराही उतरेल. हा दुसरा विचार त्याला गोड लागला. तो खड्ड्याकडे पाठ फिरवून घरी आला.

संध्याकाळी धाकटा आला. नेहमीसारखीच लांब ढांग टाकून, पायरीला पाय न लावता थेट आत. साहेबांना आमच्या पायरीचाही कमीपणा वाटतो, असं थोरला बायकोला नेहमी म्हणायचा.

"भावजी, चहा ठेवू?" तिने विचारलं.

"नको वहिनी, निघतोच." तो भिंतीवरच्या ओळंब्याकडे बघत राहिला. "दादा, दगड नाही मिळाला तर नाही मिळाला. तू जिवाला लावून घेऊ नकोस."

"मी कशाला लावून घेऊ?"

"तसं नाही. असंच."

तो उठला. गुडघा आखडला होता, तरी चौकटीला हात देऊन त्याने पायरी ओलांडली. समोरच्या घराच्या पायऱ्या मात्र तो एकेक पाऊल टेकत चढला.

थोरला दारात बघत राहिला. ही ढांग कधी सुरू झाली? पहिला अर्ज दिला त्या वर्षी. म्हणजे सात वर्षं याला दगडाचं माहीत होतं, आणि आपली नाचक्की होऊ नये म्हणून सात वर्षं हा गप्प होता. यातही धाकटाच वरचढ निघाला. पोटात पुन्हा दुखलं, आणि तसाच तो आत वळला.

"पहार कुठंय गं?"

"आत्ता? कशाला?"

"पायरी काढायचीय. आणि त्याला हाक मार. मला एकट्याला उचलायची नाही."