अडकलेलं बटण

आधीच सांगून टाकतो, गाणाऱ्यांच्या तोंडासमोर रुबाबात उभा असतो ना, तो माईक मी नव्हे. फोटो त्याचे निघतात. मी काचेच्या अलीकडचा, टेबलावरचा, बोटाएवढा माईक. गाणारे पलीकडच्या खोलीत हेडफोन लावून उभे असतात. इकडून ताई बटण दाबून माझ्यात बोलते आणि तिचं बोलणं त्यांच्या कानात जातं. "जरा मागे सरका." "दुसऱ्या अंतऱ्यापासून घेऊ." "पाणी प्या आधी." एवढाच माझा उद्योग.

ताई म्हणजे या स्टुडिओची मालकीण. गाणं कसं व्हायला हवं ते ठरवणारी आणि तसं होईपर्यंत कुणाला घरी न सोडणारी. तिच्या बाबांचं रेडिओ दुरुस्तीचं दुकान होतं. मोडक्या टेलिफोनचा बोलायचा भाग आणि दाराच्या घंटीचं बटण जोडून त्यांनी मला घडवलं. म्हणजे आम्ही एका बापाचीच लेकरं, म्हणून मी तिला अगंतुगं करतो.

स्टुडिओसाठी तिने बंद पडलेला बर्फाचा कारखाना भाड्याने घेतला. भिंती हातभर जाड, बाहेरचा आवाज आत येण्याची सोय नाही. थोरला भाऊ म्हणाला, "अगं, तिथे बर्फसुद्धा नीट जमला नाही, तुझं गाणं काय जमणार?" ताई हसली आणि भिंतींना रंग द्यायला लागली.

पहिली दोन वर्षं दुकानांच्या जाहिराती आणि लिफ्टमधल्या सूचना. "दरवाजा बंद होत आहे" हे वाक्यसुद्धा तिने एकोणीस वेळा घेतलं होतं! मग गाणी यायला लागली. काय कान होता हो तिचा! एकदा बाराजणांचा ताफा थांबवून म्हणाली, "कुणाचं तरी घड्याळ वाजतंय." निघालं व्हायोलिनवाल्याच्या मनगटावर. एखादा गायक बिचकला की म्हणायची, "रेकॉर्ड नाही करत, नुसता आवाज तपासू." आणि गुपचूप तेच रेकॉर्ड करायची. तिची निम्मी गाजलेली गाणी अशी 'तपासणीत' झालेली आहेत.

आता माझ्या धंद्यातलं गुपित. आमच्या खोलीत दोन भाषा चालतात. बटण दाबलं की "वा वा, काय लागलाय सूर!" आणि बोट उचललं की "काय रेकतोय हा!" सगळेच तसे. ताई मात्र दटावायची, "जे तिकडे सांगता येत नाही, ते इथेही बोलायचं नाही." बावीस वर्षं तिने हे पाळलं. मोडलं ते एकदाच, बाईंच्या वेळी.

बाई म्हणजे मोठ्या गायिका. ताई लहानपणी त्यांचीच गाणी ऐकत वाढली. बाईंच्या गळ्याचं ऑपरेशन झालं, मग सहा वर्षं गाणं बंद. नवऱ्याने जाण्याआधी बांधलेली एक चाल तेवढी गायची राहून गेली होती. ती घेऊन त्या आमच्याकडे आल्या. म्हणाल्या, "हे जमलं तर गाईन पुढे. नाही जमलं, तर पुन्हा माईकसमोर उभी राहणार नाही."

त्या जन्मभर काळी चारमध्ये गायल्या. पेटीवरच्या चौथ्या काळ्या पट्टीवर त्यांचा सा. आता अंतऱ्यात वर गेलं की आवाज फाटायचा. अकरा वेळा फाटला. अकराही वेळा ताई म्हणाली, "छान, बाई. आणखी एक घेऊ."

अकराव्या वेळी ताईने बोट उचललं आणि बटण वर आलंच नाही. चूक माझीच. घंटीचीच स्प्रिंग ती, किती वर्षं तग धरणार? कुणाच्या लक्षात आलं नाही.

शेजारी रेकॉर्ड कंपनीचे साहेब बसले होते. म्हणाले, "संपला हो आवाज. मशीनवर सूर ओढून सरळ करा आणि मोकळ्या व्हा."

ताई उसळली. "आवाज नाही संपला, पट्टी संपलीय! खाली काळी दोनमध्ये त्या आजही तुम्हाला रडवतील."

"मग सांगा की त्यांना तसं."

ताईचा आवाज एकदम उतरला. "कुठल्या तोंडाने सांगू? सकाळपासून छान-छान करत बसलेय. भित्री आहे मी, दुसरं काय."

काचेपलीकडे बाईंनी हेडफोन दोन्ही हातांनी कानांवर दाबून धरला होता. मशीनवर बसलेली ताईची भाची पुटपुटली, "मावशी... बटण." ताईने माझ्याकडे पाहिलं. मेल्याहून मेल्यासारखं होणं म्हणजे काय, ते मी तेव्हा पाहिलं.

"बंद करू नकोस गं," बाई म्हणाल्या. "डॉक्टर छान म्हणाले, मुलगा छान म्हणाला, तूही छान म्हणतेस. गळा माझा आहे, मला कळत नाही का? कुणीच चूक दाखवेना, तेव्हा वाटलं, आता दुरुस्त करण्यासारखंही काही उरलं नाही." मग म्हणाल्या, "काळी दोन म्हणालीस ना? लाव. आणि साहेबांना म्हणावं, ते मशीन घरी न्या."

तिसऱ्या खेपेला अंतरा लागला. सरळ, भरलेला, कुठेही न थरथरता. ताई टेबलावर डोकं ठेवून हुंदके द्यायला लागली. मी उघडाच, त्यामुळे ते रडणंही बाईंच्या कानात गेलं. पण बाईंनी सूर सोडला नाही. त्यानंतर त्या आणखी सात वर्षं गायल्या.

ताईने बटण दुरुस्त करू दिलं नाही. तेव्हापासून इथे जे बोलाल, ते पलीकडे जातं. काही साहेबलोक कुजबुजायला जिन्यात जातात. जाईनात का!

गेल्या महिन्यात भाची सगळ्या वादकांच्या देखत म्हणाली, "मावशी, तुझ्या उजव्या कानाला वरचे सूर ऐकू येत नाहीयेत." ताई जेवणापर्यंत तिच्याशी बोलली नाही. जेवण झाल्यावर उठली आणि म्हणाली, "बस माझ्या खुर्चीत. वरचे सूर तू ऐक, मी पलीकडच्यांशी बोलते." आता ती दिवसभर माझ्याजवळच बसते.

आज नवा मेकॅनिक आलाय. मला उलटंपालटं करून म्हणतो, "बटण अडकलंय, पाच मिनिटांत करून देतो." ताई अजून यायची आहे. बाळा, माझी खरखर काढ, जाळी बदल, हवी तर वायर नवी घाल. पण मला हात असते तर जोडले असते रे, तेवढं बटण बिघडलेलंच राहू दे.